लाकडास कागदाची साथ

गेल्या आगमनकाळाच्या पहिल्या आठवड्यात आमच्या शिरपूरच्या चर्चमधील कोठीची खोली उघडून नाताळच्या गव्हाणीचे सामान बाहेर काढण्यात आले. गायी, मेंढरे, तीन राजे, सारे जसेच्या तसे होते. केवळ संत योसेफाची लाकडी मूर्ती आम्ही हाती घेतली तोच तिच्या उजव्या बाहीतून पिवळसर भुसा भुरभुर गळू लागला आणि पाहता पाहता मनगटापासूनचा हात निखळून आमच्याच तळव्यावर पडला. किडीने तो आतून पूर्णपणे पोखरला होता. अडीच फुटांची ती मूर्ती कुण्या जुन्या मिशनरी फादरांनी येथे आणली, एवढेच धर्मग्रामातील वृद्ध मंडळी सांगतात.

आशीर्वादित वस्तू वापरण्याजोगी न राहिल्यास ती उकिरड्यावर टाकू नये, जाळावी अथवा भूमीत पुरावी, असे आम्हांस सेमिनरीत शिकविण्यात आले होते. त्यानुसार आम्ही अंगणात काटक्या रचावयास सांगितले. तेव्हा चर्चची झाडलोट करणाऱ्या वृद्ध मावशी हातातील झाडू टाकून पुढे आल्या आणि म्हणाल्या, "जायू नका फादर! मी मेथ्या भिजत घालस."

मेथ्यांचा आणि संत योसेफाच्या हाताचा संबंध काय, हे आम्हांस त्या क्षणी उमगले नाही. सेमिनरीतील आमच्या अभ्यासक्रमात मेथ्या नव्हत्या. परंतु मावशींच्या त्या एका वाक्याने आमची जी शोधाशोध सुरू झाली, ती आम्हांस एरंडोलपासून मेक्सिकोपर्यंत घेऊन गेली. तीच येथे वाचकांपुढे ठेवीत आहोत.

कागदाचा लगदा आमच्या वाचक भगिनींना नवा नाही. बांबूच्या टोपलीच्या विणीतून पीठ गळते, सुपाच्या फटीतून बारीक दाणे निसटतात. म्हणून घरातील जुने कागद फाडून तीन-चार दिवस पाण्यात भिजवायचे, ते पिळून उखळात कुटायचे, रात्रभर भिजवून पाट्यावर वाटलेल्या मेथ्या त्यांत मिसळायच्या आणि तो लगदा टोपलीवर आतून-बाहेरून लिंपायचा, अशी रीत खान्देशातच नव्हे तर महाराष्ट्रात अनेक ठिकाणी होती. टोपली नसेल तर घमेले वा मडके पालथे घालून त्यावरच लगदा थापीत आणि वाळल्यावर ते कवच अलगद सोडवून घेत. वरून गेरूचा हात फिरविला की झाली नवी पाटी तयार. या कामी मेथीच का, असे आम्ही मावशींना विचारले. "कडू असते, किडा लागत नाही," हे त्यांचे उत्तर. ते बरोबरच आहे, पण अर्धे. मेथीच्या दाण्यात एक प्रकारचा डिंक असतो. पाण्यात तो फुगतो, बुळबुळीत होतो आणि कागदाचे तंतू एकमेकांस बांधून ठेवतो. म्हणजे चिकटविणारा पदार्थ आणि किडीला दूर ठेवणारा पदार्थ दोन्ही त्या एका मूठभर दाण्यांत सामावलेले आहेत.

हा कागद तरी खान्देशात कोठून येई? छापील वर्तमानपत्रे घरोघर पोहोचण्यापूर्वी कागद ही दुर्मिळ वस्तू होती. तरीही आपला भाग त्याबाबत पोरका नव्हता. जळगाव-धुळे रस्त्यावरील एरंडोल हे गाव एके काळी जाड्याभरड्या देशी कागदासाठी प्रसिद्ध होते. १८८० साली प्रसिद्ध झालेल्या मुंबई इलाख्याच्या गॅझेटियरच्या खान्देश खंडात तेथील कागदाच्या धंद्याची नोंद आहे, आणि विसाव्या शतकाच्या आरंभीही तो धंदा थोड्याफार प्रमाणात तग धरून होता. जुन्नरचा जुन्नरी कागद आणि दौलताबादेजवळील कागजीपुऱ्याचा दौलताबादी कागद यांचा लौकिक याहून मोठा. परंपरा अशी सांगते की, महंमद तुघलकाने चौदाव्या शतकात राजधानी दौलताबादेस हलविली त्या काळापासून कागजीपुऱ्यात कागद होऊ लागला. अशा हातकागदांवर लिहिलेल्या जुन्या पोथ्या व दप्तरे पाहावयाची असल्यास फार दूर जावयास नको. इतिहासाचार्य राजवाडे यांच्या निधनानंतर लगेच, १९२७ साली, धुळ्यात स्थापन झालेल्या राजवाडे संशोधन मंडळात ती आजही जपून ठेवलेली आहेत.

येथे एक गोष्ट ध्यानात घेण्याजोगी आहे. कागजी मंडळींचा हा कागद झाड तोडून होत नसे. जुनी चिंधी, ताग-अंबाडीचे दोर, गोणपाट आणि वापरून झालेला कागद हाच त्यांचा कच्चा माल होता. लाकडाचा लगदा करून कागद बनविण्याची युक्ती युरोपात १८४० च्या दशकात निघाली. त्यामुळे 'कागद म्हणजे लाकूडच, तेव्हा तो लाकडाला चिकटणारच' असे जे सहज बोलले जाते, ते जुन्या काळापुरते तितकेसे खरे नाही. मात्र ताग, कापूस आणि लाकूड या तिन्हींच्या तंतूंचा मूळ घटक एकच आहे, त्याला सेल्युलोज म्हणतात. हे नाते पाण्याशी वागताना विशेष दिसते. ओल लागली की दोघेही फुगतात आणि कोरडेपणा आला की दोघेही आकसतात. मातीचे वा प्लास्टरचे तसे नाही. ती लाकडावर बसविली की लाकूड आपले हलत राहते, ती हलत नाहीत, आणि अखेर तडकून गळून पडतात. आमच्या शिरपुरात वैशाखात पारा चव्वेचाळीस-पंचेचाळीस अंशांवर जातो आणि श्रावणात भिंतींना ओल येते. येथे लाकडाची केवढी ओढाताण होत असेल, हे ज्याच्या घराचे दार पावसाळ्यात लागत नाही आणि उन्हाळ्यात वाजते त्यास सांगावयास नको.

लगदा आणि लाकूड यांचा संसार भारतात सर्वांत वैभवाने मांडला गेला तो काश्मिरात. ही कला तेथे चौदाव्या शतकात मीर सय्यद अली हमदानी यांच्यासमवेत आलेल्या कारागिरांनी आणली व पंधराव्या शतकातील सुलतान झैनुल आबिदीन याने तिला आश्रय दिला, असे परंपरा मानते. तिचे जुने नाव 'कार-ए-कलमदान', म्हणजे कलमदानाचे काम. तिच्यात दोन निराळे कारागीर असतात. लगदा कुटून, तांदळाच्या खळीत मिसळून, लाकडाच्या वा मातीच्या साच्यावर वस्तू घडविणारा तो 'सख्तसाज', आणि तिच्यावर फुले-पाने रंगविणारा तो 'नक्काश'. श्रीनगरमध्ये झेलमच्या काठी शाह हमदान यांची खानकाह आहे. मूळ वास्तू १३९५ ची; आगीत ती जळाल्यावर १७३२ च्या सुमारास पुन्हा उभारली गेली. त्या लाकडी वास्तूच्या आतील भिंती आणि छत या कामाने असे भरून टाकलेले आहेत की खालचे लाकूड डोळ्यांस दिसतच नाही. २०१७ साली तेथे पुन्हा आग लागून शिखराची हानी झाली. लाकूड व कागद यांच्या नशिबी अग्नीचे हे भय आहेच. अंगणात काटक्या रचणाऱ्या आमच्यासारख्यांचेही भय त्यांत धरावे.

आणखी एक गोष्ट आपल्या वाचकांना आवडेल. आजच्या काश्मिरी नक्काशांच्या कामाचा एक चांगला हिस्सा नाताळचा असतो. नाताळवृक्षावर टांगावयाचे गोळे, घंटा, चांदण्या श्रीनगरच्या गल्ल्यांतून मुसलमान कारागीर रंगवितात आणि त्या युरोप-अमेरिकेत ख्रिस्ती घरांत जाऊन टांगल्या जातात. मात्र लगदा कुटण्याचे काम कष्टाचे व कमी मोलाचे असल्यामुळे पुष्कळदा लाकडाच्या किंवा पुठ्ठ्याच्या आयत्या वस्तूवरच नक्षी रंगवून ती याच नावाने विकली जाते. नक्काश उरतो, सख्तसाज मात्र कमी होत जातो. रंगाला दाम मिळतो आणि लगद्याला मिळत नाही, हे आम्हांस फार परिचयाचे वाटले. मावशींच्या कामाकडेही आम्ही अनेक वर्षे असेच पाहत आलो होतो.

'पेपिए माशे' हा शब्द फ्रेंच आहे. त्याचा अर्थ 'चावलेला कागद'. अठराव्या शतकात युरोपात या चावलेल्या कागदाची मोठी चलती होती. बर्मिंगहॅमच्या हेन्री क्ले याने १७७२ साली कागदाचे थर चिकटवून लाकडासारख्या कठीण फळ्या करण्याचे पेटंट घेतले. त्याच सुमारास जर्मनीत मेक्लेनबुर्गच्या ड्यूकाने लुडविग्सलुस्ट येथे राजवाडा बांधला, पण खजिन्यात पैसा बेताचा! म्हणून त्याने वाड्यातील नक्षीकाम दरबारच्या जुन्या कागदांच्या लगद्याचे करविले आणि त्यावर सोनेरी मुलामा दिला. तेथील सोनेरी दालन आजही लोक पाहावयास जातात. हे सारे मनोरंजक खरे, परंतु त्यात कागदाने लाकडाचे वा संगमरवराचे सोंग घ्यावयाचे असते, आणि सोंगाशी आम्हांस येथे फारसे कर्तव्य नाही.

आम्हांस अधिक मोलाचे वाटले ते धार्मिक मूर्तिकारांचे काम, कारण त्यात लपवाछपवीपेक्षा दुरुस्ती, हलकेपणा आणि गरिबी या तीन गरजा दिसतात. इ. स. १४०० च्या सुमारास चेन्निनो चेन्निनी या इटालियन चित्रकाराने चित्रकारांसाठी एक मार्गदर्शक ग्रंथ लिहिला. लाकडी फळीवर चित्र काढण्यापूर्वी तिला सरसाचा हात द्यावा, मग जुन्या तागाच्या कापडाच्या पट्ट्या सरसात बुडवून तिच्यावर चिकटवाव्यात आणि त्यानंतर चुन्यासारख्या पांढऱ्या पदार्थाचे अस्तर चढवावे, असे त्याने सांगितले आहे. कारण उघड आहे. लाकूड हलले तरी मधले कापड ती ओढ सोसते आणि वरचा रंग वाचतो. गोव्यातील जुन्या लाकडी मूर्ती ज्यांनी जवळून पाहिल्या असतील त्यांना रंगाखालचा हा पांढरा थर टवके उडालेल्या जागी दिसला असेल. १९९४ साली राशोल सेमिनरीत सुरू झालेले व २००२ पासून जुन्या गोव्यातील सांता मोनिका मठात असलेले ख्रिस्ती कलेचे संग्रहालय त्यासाठी मुद्दाम पाहावे.

इटलीतच सोळाव्या शतकात याकोपो सान्सोव्हिनो या नामांकित शिल्पकाराने बाळ येशूसह पवित्र मरियेची उठावशिल्पे कागदाच्या लगद्यात केली. संगमरवर घडविणारा हा थोर कलावंत. त्याला लगद्याचा विटाळ वाटला नाही. एका साच्यातून अनेक प्रती निघत आणि त्या घरगुती भक्तीसाठी जात. पुढे दक्षिण इटलीतील लेचे शहरात तर संतांच्या मूर्ती कागदाच्याच करण्याची परंपरा रुजली. लाकडी बैठकीवर तार आणि गवताचा सांगाडा बांधायचा, त्यावर खळीत भिजविलेल्या कागदाचे थर चढवायचे, तापलेल्या लोखंडाने ते डागून सारखे करायचे आणि मग पांढरे अस्तर देऊन रंगवायचे. खळीत मोरचूद घालीत, म्हणजे कीड लागू नये. आमच्या मावशी मेथी घालतात, ते मोरचूद घालीत. या कामात तेथील न्हावी मंडळी पुढे होती असे सांगतात. गिऱ्हाईक नसे तेव्हा दुकानातच मूर्ती घडत. दगडी मूर्ती खांद्यावर घेऊन गावभर मिरवणूक काढता येत नाही, लाकडीही जड होते. कागदाची मूर्ती चार माणसे सहज उचलतात. लेचेच्या सांता क्यारा चर्चचे छत लाकडी कोरीवकामासारखे दिसते, तेही कागदाचे आहे.

परंतु आमच्या वाचनात आलेली सर्वांत विलक्षण हकिगत मेक्सिकोतील आहे. तेथील मिचोआकान प्रांतात पुरेपेचा नावाचे आदिवासी लोक राहतात. मक्याच्या ताटातील गाभा वाळवून, कुटून, ऑर्किड जातीच्या वनस्पतीच्या कंदापासून काढलेल्या डिंकात तो मळून हलक्या मूर्ती घडविण्याची कला त्यांच्यापाशी होती. सोळाव्या शतकात ख्रिस्ती धर्म तेथे पोहोचला तेव्हा मिशनऱ्यांनी ही कला बंद पाडली नाही, उलट तिच्याकडूनच क्रूसावरील प्रभूच्या मूर्ती घडवून घेतल्या. हलक्या लाकडाचा वा ताटांचा गाभा, त्यावर लगदा, काही ठिकाणी कागद, वर रंग, अशी त्यांची रचना असे. पात्सकुआरो येथील 'आरोग्यमाता' म्हणून पूजली जाणारी मूर्ती बिशप वास्को दे किरोगा यांच्या काळात याच लगद्याची झाली. मेक्सिकाल्त्सिंगो येथील ख्रिस्तमूर्ती मोडकळीस आली तेव्हा तिच्या पोटात तेथील मूळ लोकांच्या चित्रलिपीतील कागद सापडले. १९४९ साली त्याविषयीचा अभ्यास प्रसिद्ध झाला. ते कागद कसले होते? करवसुलीच्या नोंदींचे! कोणत्या गावाने किती दिले, याचे हिशेब ज्या कागदांवर होते, त्या कागदांनी प्रभूचे शरीर घडले होते. मूर्तिकाराला बहुधा एवढेच दिसले असेल की कागद चांगला आहे आणि आता कुणाला नको आहे. आम्ही मात्र तो मजकूर वाचून बराच वेळ पुस्तक मिटून बसलो. जकात-नाक्यावरचा मत्तय आठवल्याशिवाय कसा राहील?

मक्याची ताटे शिरपूर तालुक्यात काही कमी नाहीत. सातपुड्याच्या पायथ्याशी बोराडी, सांगवी, पळासनेरकडे गेलो की पावरा आणि भिल्ल बांधवांची शेते दुतर्फा दिसतात. त्यांच्याही घरात डालकी, कणगी, टोपली यांचे विणकाम आणि लिंपण चालतेच. मिचोआकानच्या मिशनऱ्यांनी जे डोळे उघडे ठेवून पाहिले ते आम्ही येथे इतक्या वर्षांत पाहिले नाही, ही कबुली दिलेली बरी.

दूरदेशीचे एवढे सांगितल्यावर जवळचेही सांगावयास हवे. नांदेड जिल्ह्याला लागून तेलंगणात निर्मल हे गाव आहे. तेथील खेळणी व फळे आपल्याकडच्या जत्रांतून एके काळी विकावयास येत. ती 'पोनिकी' नावाच्या अतिशय हलक्या लाकडाची असतात. लाकडाचे निरनिराळे तुकडे जोडताना चिंचोक्याची पूड आणि लाकडाचा भुसा यांचा लगदा सांध्यांत भरतात, वरूनही लिंपतात, आणि मग त्यावर रंग चढतो. आंध्रातील कोंडापल्लीची बाहुली याच घराण्यातली. सावंतवाडीचे कारागीर लाकडी फळे-खेळणी रंगविण्यात निष्णात. त्याच गावात कागदाचे वा कापडाचे थर चिंचोक्याच्या खळीने एकत्र करून त्यांवर लाखेचा हात देऊन गंजिफाची गोल पाने तयार होत. ती कला मरणपंथास लागली असता सावंतवाडीच्या राजघराण्यातील शिवरामराजे भोसले व राणी सत्त्वशीलादेवी यांनी १९७० च्या दशकात ती राजवाड्यातच कारागीर बसवून जगविली. चिंचोका हा आपल्या मुलखाचा मुख्य डिंक. चिंचेखाली पडलेले जे चिंचोके आपण लहानपणी सारीपाटात वापरले, त्यांवर एवढी मोठी कारागिरी उभी आहे.

आणि बोहाडा! पालघर जिल्ह्यातील जव्हार-मोखाडा भागात होळीनंतरच्या दिवसांत वारली, कोकणा आदी आदिवासी बांधव रात्रभर मशालींच्या उजेडात संबळाच्या तालावर देवदेवतांची सोंगे नाचवितात. नाशिक जिल्ह्याच्या सुरगाणा-पेठकडे आणि डांगात हाच उत्सव भवाडा या नावाने होतो. तेथील जुने मुखवटे लाकडाचे. पण लाकडी मुखवटा तोंडावर बांधून पहाटेपर्यंत नाचणे म्हणजे मानेची परीक्षा. त्यामुळे कागदाच्या लगद्याचे मुखवटे आले. लेचेमध्ये मिरवणुकीने जी गोष्ट घडविली, तीच येथे नाचाने घडविली. आमच्या एका आदिवासी विद्यार्थ्याने आम्हांस सांगितले की त्याच्या आजोळी लाकडी मुखवटा पूजेस ठेवतात आणि कागदी मुखवटा नाचतो. एका गावची ही रीत. परंतु लाकूड आणि लगदा यांनी कामे वाटून घेतल्याचे याहून चांगले उदाहरण आम्हांस सापडले नाही.

आता पुन्हा योसेफाकडे वळू. मावशींनी मेथ्या भिजत घातल्या, आम्ही कागद द्यावयाचा होता. आम्ही गुळगुळीत रंगीत मासिकांचा गठ्ठा पुढे केला. तो त्यांनी बोटाने चाचपून परत केला. अशा कागदाला माती-खडूचा लेप असतो, त्याचा लगदा धड होत नाही. मग मुलांच्या जुन्या वह्या, उत्तरपत्रिका आणि आमच्या कपाटात वर्षानुवर्षे पडलेल्या चक्रमुद्रित गीतांच्या पत्रिका निघाल्या. भजनांच्या कागदाचा लगदा करावा काय, असा विचार क्षणभर मनात आला. मेक्सिकोतील करवसुलीच्या कागदांपेक्षा हे कागद खचितच पवित्र होते, म्हणून आम्ही हो म्हटले.

धर्मग्रामातील एका सुतारभाऊंनी पोखरलेला भाग कोरून काढला, भोकांत मोरचुदाचे पाणी सोडले आणि मूर्ती आठ दिवस सावलीत वाळविली. जुना रंग व तेलकटपणा खरवडून लाकूड खडबडीत केले, कारण गुळगुळीत वा तेलकट लाकडाला लगदा धरत नाही. मनगटाच्या जागी बांबूच्या दोन खुंट्या ठोकून त्यांवर सुतळी गुंडाळली. त्यावर आमच्या जुन्या धोतराच्या पट्ट्या सरसात बुडवून बसविल्या. हे पाहताना आम्हांस राहवले नाही व आम्ही चेन्निनो चेन्निनीचे नाव घेतले. सुतारभाऊ म्हणाले, "तो कोण ते ठाऊक नाही फादर, पण आमचे वडील दाराच्या फळीची फट अशीच भरीत." मावशींच्या मेथ्यांवर त्यांचा तितकासा विश्वास नव्हता, त्यांनी लगद्यात गुपचूप थोडे फेविकॉल मिसळले. मावशींना ते कळले, आणि त्या दिवशी दोघांत अबोला राहिला.

पहिला हात बिघडला. दोष आमचा. नाताळ जवळ येत चालला होता. आम्ही उतावीळपणे एकाच वेळी जाड थर द्यावयास लावून मूर्ती दुपारच्या उन्हात ठेवली. वरचा लगदा आधी वाळून आकसला, आतला ओलाच राहिला, आणि संध्याकाळपर्यंत तळहातावर भेगा पडून अंगठा लोंबू लागला. मावशी काही बोलल्या नाहीत. त्यांनी सारे खरवडून काढले आणि दुसऱ्या दिवसापासून करंगळीच्या नखाएवढा पातळ एकेक थर देत, प्रत्येक थर सावलीत वाळू देत, सात दिवसांत हात उभा केला. शेवटी खडूची भुकटी सरसात कालवून अस्तर दिले आणि काचकागदाने घासून घेतले.

त्या सात दिवसांत आमच्या मनात वारंवार एक जुनी गोष्ट येत राहिली. पूर्वी दुसऱ्या एका धर्मग्रामात असताना आम्ही किडीने खाल्लेली एक जुनी लाकडी मूर्ती वेदीवरून उतरविली व तिच्या जागी शहरातील एका दुकानातून चकचकीत प्लास्टरची मूर्ती आणली. जुनी मूर्ती एका व्यापाऱ्याने किरकोळ किंमत देऊन नेली. दोन पावसाळ्यांत प्लास्टरच्या मूर्तीचे नाक गेले, बोटे गेली. ती दुरुस्त होईना, कारण ती आमच्या कुणाच्या हातची नव्हती; कुणालाच ती उघडून कशी आहे हे ठाऊक नव्हते. दुसऱ्या व्हॅटिकन परिषदेच्या १९६३ सालच्या उपासनाविषयक संविधानात, पवित्र साहित्य आणि मौल्यवान कलाकृती हातच्या जाऊ नयेत याची दक्षता घ्यावी असे बिशपांना स्पष्ट बजावलेले आहे. आम्ही ते सेमिनरीत वाचले होते, परीक्षेत लिहिलेही होते. त्या व्यापाऱ्याची गाडी फाटकाबाहेर पडली त्या दिवशी मात्र ते आठवले नाही.

मूर्ती कोणत्या पदार्थाची असावी, याविषयी धर्मसभेने फार पूर्वी निर्णय दिलेला आहे. मूर्तिभंजकांच्या वादानंतर इ. स. ७८७ मध्ये नायसिया येथे भरलेल्या दुसऱ्या परिषदेने पवित्र प्रतिमा रंगांच्या, खड्यांच्या किंवा अन्य योग्य पदार्थाच्या असाव्यात आणि त्या भिंतींवर, फळ्यांवर, घरांत व रस्त्यांवरही असाव्यात असे ठरविले. 'अन्य योग्य पदार्थ' या शब्दांत आचार्यांच्या मनात काय काय होते कोण जाणे. मेथी खचित नसेल. पण त्यांनी दार बंद केले नाही.

नाताळच्या मध्यरात्रीच्या मिस्सेस लोक गव्हाणीपुढे गुडघे टेकून गेले. योसेफाचा नवा हात जुन्यापेक्षा किंचित मोठा झाला आहे. बोटे जाडसर, नखे रुंद. सुतारभाऊंनी आपला हात समोर धरला होता, त्यावरूनच मावशींनी तो घडविला. रंग देणाऱ्या मुलीने विचारले, "फादर, हा हात घासून बारीक करू का?" आम्ही नको म्हटले.

या लेन्टमध्ये मूर्ती पुन्हा तपासली. मनगटाच्या सांध्यावर केसाएवढी एक रेघ उमटली आहे, वैशाखाचे ऊन अजून यावयाचे आहे. मावशींना दाखविली तेव्हा त्यांनी ओली बोटे तिच्यावरून फिरवली आणि मेथ्या किती उरल्या आहेत ते पाहावयास घरी गेल्या. उरलेल्या लगद्याने त्यांनी चर्चची दान गोळा करण्याची जुनी टोपली लिंपून दिली होती. तिच्या तळातून पूर्वी सुटे पैसे गळत असत.